तडजोडीचा हुकूमनामा



शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे म्हणतात. पण चढलेल्या माणसाने सन्मानाने खाली कसे उतरावे, याविषयी फारसे बोलले जात नाही. दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 मधील आदेश 23, नियम 3 हा तो मार्ग आहे. दावा चालू असताना पक्षकारांनी कायदेशीर तडजोड करून ती लेखी मांडली, तिच्यावर सह्या केल्या आणि न्यायालयाचे समाधान झाले, तर न्यायालय ती नोंदवून घेते व तिच्यानुसार हुकूमनामा करते. लेखी मजकुराची व सह्यांची अट 1976 च्या दुरुस्तीने घातली गेली.

असे समजावे की, वडिलांच्या पश्चात दोघा भावांत कापडाच्या दुकानाच्या वाटपाचा दावा पडला आहे. गादी थोरल्यांनी सांभाळली, उधारी धाकट्यांनी वसूल केली. न्यायाधीश कायद्याप्रमाणे हिस्से ठरवतील. परंतु दुकान कोणाकडे, गोदाम कोणाकडे, पेढीचे नाव कोणी चालवावे, बुडीत येण्यांचे काय करावे, हे घरच्या माणसांइतके कोणाला कळणार? दाव्यात नसलेली बाबही तडजोडीत घेता येते. मात्र दाव्याबाहेरची स्थावर मिळकत त्यात आली, तर हुकूमनाम्याची नोंदणी करावी लागू शकते. हे वकिलांना आधीच विचारावे.

ताका मोजताना बोटभर चूक होऊ न देणारा व्यापारी तडजोडीच्या कागदावर मात्र 'बाकी आपसात पाहू' असे लिहून मोकळा होतो. येथेच घात होतो. रक्कम किती, कोणत्या तारखेपर्यंत, हप्ता चुकल्यास व्याज किती, ताबा कोणत्या दिवशी, हे सर्व लिहिलेले असले पाहिजे. शब्द फिरवणाऱ्याविरुद्ध या हुकूमनाम्यावर दरखास्त दाखल करता येते व त्यासाठी सामान्यतः 12 वर्षांची मुदत असते. पण कागदावर जे नाही, त्याची अंमलबजावणी मागता येत नाही.

आणखी एक गोष्ट अवघड असली तरी बोलली पाहिजे. या दाव्यात बहीणही पक्षकार असते. राखीपौर्णिमेला आलेल्या बहिणीपुढे कागद ठेवून 'येथे सही कर' असे म्हणण्याची रीत अनेक घरांत आहे. जैनांनाही लागू असलेल्या हिंदू उत्तराधिकार अधिनियमात 2005 साली दुरुस्ती झाली आणि वडिलोपार्जित मिळकतीत मुलगी जन्मतः सहदायाद ठरली. त्या दिवशी वडील हयात असणे आवश्यक नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2020 साली स्पष्ट केले. बहिणीने हक्क सोडावा किंवा न सोडावा, हा तिचा प्रश्न आहे; पण काय सोडते आहे, हे तिला ठाऊक हवे. कारण संमतीने झालेल्या हुकूमनाम्यावर कलम 96(3) प्रमाणे अपील चालत नाही आणि तडजोड बेकायदेशीर होती म्हणून वेगळा दावाही आणता येत नाही. फसवणूक झाली असेल, तर त्याच न्यायालयाकडे अर्ज करून ती सिद्ध करावी लागते. तोवर घरातले बोलणे बंद झालेले असते.

पक्षकारांत कोणी अज्ञान असेल, तर त्याच्या वतीने तडजोड करण्यापूर्वी पालकाला न्यायालयाची परवानगी घ्यावी लागते. लोकन्यायालयात तडजोड झाल्यास तिलाही हुकूमनाम्याचेच बळ असते, शिवाय भरलेली कोर्ट फी परत मिळते.

संस्थांच्या बाबतीत नियम अधिक कडक आहे आणि तो असावाच. सार्वजनिक न्यासासंबंधी कलम 92 खालील दाव्यात केवळ समोर असलेल्यांनी सह्या करून भागत नाही. न्यायालयाची परवानगी कामकाजात स्पष्टपणे नोंदलेली नसेल, तर अशी तडजोड रद्दबातल ठरते. परवानगी देण्यापूर्वी न्यायालय हितसंबंधी व्यक्तींना नोटीसही काढते. न्यासाची जागा विकण्याची अट एखाद्या तडजोडीत असेल, तर महाराष्ट्रात 1950 च्या सार्वजनिक न्यास अधिनियमातील कलम 36 विश्वस्तांनी आधी वाचावे. धर्मादाय आयुक्तांच्या पूर्वमंजुरीची तरतूद तेथे आहे.