नट, मोहोळ आणि काळा दगड



व्याख्यानमालेच्या चालकांनी मला बोलावणे पाठविले तेव्हा मी कामगार कायद्यांवर बोलेन अशी त्यांची समजूत होती. त्या विषयावर मी वर्षभर बोलतच असतो, आणि ऐकणारे अखेरीस घड्याळाकडे पाहू लागतात हेही मला ठाऊक आहे. म्हणून आज मी भूमितीवर बोलणार आहे. नववीत शाळा सोडलेल्या माणसाने भूमितीवर बोलावे हे धाडसच म्हणावयाचे. परंतु या विषयाशी माझी ओळख झाली ती हातातल्या पान्यामुळे. पुस्तके मागाहून आली; ती मी पाळी सुटल्यावर वाचनालयात बसून वाचली. माझे काही चुकले तर सभेतल्या शिक्षकमंडळींनी सांभाळून घ्यावे.

हा माझ्या हातातला नट पाहा. मागे बसलेल्यांना दिसत नसेल. पण नट कोणी पाहिला नाही असे घर आज नाही. याला सहा बाजू आहेत. मधले भोक क्षणभर विसरलो, तर एका षट्कोनावर दुसरा, त्यावर तिसरा, असे सारखे षट्कोन रचीत गेल्यावर जी आकृती होईल ती ही. शाळेत आपण गोल पिंपाला वृत्तचिती म्हणतो, विटेला इष्टिकाचिती म्हणतो. तशी ही षट्कोनचिती. शिसपेन्सिल हीच, मधमाशीचे घर हेच, आणि अंधेरीचा एक आख्खा डोंगर अशाच चितींचा उभा आहे. आता प्रश्न असा, की कारखाना, माशी आणि डोंगर या तिघांनी मिळून हीच आकृती का पसंत केली? माझे आजचे सगळे बोलणे या 'का'विषयी आहे.

प्रथम आकृतीचा स्वभाव पाहू. एक रुपया टेबलावर ठेवा आणि त्याच्याभोवती तसेच रुपये चिकटवून लावा. बरोबर सहा बसतात. सातव्याला जागा नाही आणि पाचांत फट राहते. कंपासने वर्तुळ काढा आणि तेच अंतर कायम ठेवून परिघावर खुणा करीत चला. सहाव्या खुणेला तुम्ही निघाला तेथेच परत याल. म्हणजे षट्कोनाची बाजू आणि वर्तुळाची त्रिज्या एकच. हे आपल्याकडे जुने ज्ञान आहे. भास्कराचार्यांनी ११५० साली 'लीलावती' लिहिली. तीत व्यास १,२०,००० धरला तर वर्तुळातल्या निरनिराळ्या आकृत्यांच्या बाजू किती येतात त्याचे आकडे दिले आहेत. त्रिकोणाची बाजू १,०३,९२३, चौकोनाची ८४,८५३, असे अडनिडे आकडे चालले असता षट्कोनाचा आकडा येतो नेमका ६०,०००; व्यासाच्या अर्धा. सुतार, लोहार, रांगोळी काढणाऱ्या आपल्या आयाबहिणी या सर्वांना षट्कोन सोपा वाटतो त्याचे कारण हे आहे.

बुरुडाने कोंबड्या झाकण्यासाठी विणलेली मोकळ्या विणीची टोपली आठवा. बांबूच्या पट्ट्या दोन दिशांनी न घालता तीन दिशांनी घातल्या, की मध्ये सहा बाजूंचे भोक पडते. दोन दिशांची मोकळी वीण हाताने सरकते. तीन दिशांच्या विणीत प्रत्येक पट्टी दुसऱ्या दोघींना अडवून धरते. बांबू थोडा, टोपली घट्ट. त्या बुरुडाला कोणी भूमिती शिकविली नाही. पण त्याच्या बोटांना ती येते.

आता मधमाशी. आपल्या डोंगराकडच्या झाडांच्या ढोलीत सातेरी माशीचे मोहोळ असते आणि कड्यावर आग्या लटकतो. पोळ्यातले प्रत्येक घर सहा बाजूंचे, आणि त्याची भिंत एक दशांश मिलिमीटरहूनही पातळ. एकही फट न ठेवता जमीन भरून काढणाऱ्या सारख्या बाजूंच्या आणि सारख्या कोनांच्या आकृत्या तीनच आहेत : त्रिकोण, चौकोन आणि षट्कोन. हिशेब करून पाहा. एक चौरस सेंटिमीटर जागेला कुंपण घालावयाचे तर त्रिकोणाला ४.५६ सेंटिमीटर लागते, चौकोनाला ४, आणि षट्कोनाला ३.७२. म्हणजे चौकोनापेक्षा शेकडा सात मेण वाचले. अलेक्झांड्रियाच्या पॅपसने चौथ्या शतकात माशीच्या या काटकसरीची वाखाणणी केली. परंतु सारख्या आकाराच्या घरांना कमीत कमी भिंत षट्कोनातच लागते, वाकड्यातिकड्या आकृत्या घेतल्या तरीही, हे पक्के सिद्ध व्हावयास १९९९ साल उजाडले. टॉमस हेल्स या अमेरिकन गणितज्ञाने ते सिद्ध केले.

येथे मला एक तक्रार नोंदवावयाची आहे. कारखान्याच्या समारंभात मालकमंडळी मधमाशीचा दाखला हटकून देतात : पाहा ती किती शिस्तीने, कुरकुर न करता काम करते! पण पोळ्यात राणीमाशी घरांचा नकाशा काढून देत नाही. तेथे मुकादमही नाही. शेजाऱ्याचे घर शेजाऱ्याला भिडते, मेण मऊ असते, प्रत्येक भिंत दोघांच्या कामाची असते, आणि त्यातून षट्कोन उभा राहतो. किती काम माशीचे आणि किती मेणाच्या अंगच्या गुणाचे, यावर शास्त्रज्ञांचा वाद अजून मिटलेला नाही. शिवाय माशी सर्वज्ञ आहे असेही नव्हे. घराचा तळ ती तीन समभुज चौकोनी तुकड्यांनी बांधते; १९६४ साली हंगेरीच्या फेयेश टोथ यांनी दाखवून दिले, की तळ निराळ्या रीतीने बांधला तर याहूनही किंचित मेण वाचते. तेव्हा माशीचे कौतुक जरूर करावे, पण तिच्या नावाने कोणाला उपदेश करू नये.

तिसरी गोष्ट काळ्या दगडाची. आपल्या जिल्ह्यातली किती माणसे पोटासाठी मुंबईत गेली त्याची गणती नाही. मीही काही महिने अंधेरीला एका नातेवाइकाच्या खोलीत राहिलो. तेथून गिल्बर्ट हिल दिसे. सुमारे दोनशे फूट उंचीचा सरळसोट काळा कडा, वर देवीचे मंदिर, खाली वस्तीची दाटी. जवळून पाहिले तर कडा अखंड नाही. उभ्या चिती एकीला एक खेटून उभ्या केल्यासारखा आहे. कोणी राक्षसाने रचल्या असतील असे वाटावे.

त्याचे कारण शोधण्यासाठी मात्र फार लांब जावे लागत नाही. वैशाखात आपल्या खाजणातला चिखल वाळतो, तेव्हा जमीन आक्रसते आणि भेगाळते. पहिल्या भेगा एकमेकींना काटकोनात मिळतात. पण तीच जमीन पुन्हा पुन्हा भिजली आणि वाळली, म्हणजे भेगांचे मिलन हळूहळू बदलते; एका बिंदूपासून तीन भेगा सारख्या अंतराने, १२० अंशांनी फुटू लागतात. ताण चहूकडून सारखा असला की तो मोकळा होण्याचा हा सोयीचा मार्ग. आणि जेथे तीन-तीन भेगा अशा मिळतात तेथे मधली तुकडी षट्कोनी पडते. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी महाराष्ट्राच्या जमिनीवर लाव्हा पसरला, त्याच काळातला हा दगड. तो थंड होताना आक्रसला. भेगा वरून आत, आतून आणखी आत शिरत गेल्या आणि शिरताना नीट होत गेल्या. त्या उभ्या भेगांमधून उरल्या त्या चिती. दगड सावकाश निवला तर चिती जाड होतात, भराभर निवला तर बारीक. सगळ्याच सहा बाजूंच्या नसतात. पाच आणि सात बाजूंच्याही सापडतात, कारण ताण सर्वत्र सारखा कधीच नसतो.

या तयार भेगांनीच त्या डोंगराचा घात केला. जो दगड आधीच सुटा आहे तो पहारेने लवकर सुटतो. आजूबाजूचा दगड खाणींनी खाल्ला; मुंबईच्या रस्त्यांखाली आणि घरांखाली खडी होऊन तो गेला. ती खडी फोडणारे हात आपल्यासारख्यांचेच होते; त्यांना दोष देण्याचा मला अधिकार नाही. फोडतो आहोत ते काय आहे हे त्यांना कोणी सांगितले नाही, एवढेच. २००७ साली मुंबई महापालिकेने त्या टेकडीला वारसास्थळ ठरविले. तोवर उरला तो एक सुळका.

आता पुन्हा या नटाकडे येतो, कारण मला जे सांगावयाचे आहे ते याच्यापाशी आहे. नटाला सहा बाजू कशासाठी? येथे मेण वाचवावयाचे नाही आणि ताणही मोकळा करावयाचा नाही. पूर्वी चौकोनी नट पुष्कळ असत. चौकोनी नटाला पाना पुन्हा बसवावयाचा तर पाव वळसा, म्हणजे ९० अंश फिरावे लागते. अडचणीच्या जागी, दोन नळांच्या मध्ये, हाताला तेवढी मोकळीक कोठून मिळणार? आठ बाजू केल्या तर ४५ अंशांत भागते, पण कोपरे इतके बोथट होतात की पाना घसरतो. सहा बाजूंत ६० अंश पुरतात आणि कोपराही टिकतो. शिवाय पान्याचे तोंड दांड्याशी १५ अंश तिरके असते. पाना उलटसुलट लावीत गेलो तर ३० अंशांच्या जागेतही नट फिरतो. ही माणसाने केलेली तडजोड आहे, आणि कामगाराच्या मनगटाचा विचार करून केलेली तडजोड आहे.

पण तडजोडीला मर्यादा असते. २४ मिलिमीटरचा नट घ्या. समोरासमोरच्या बाजूंमध्ये २४, आणि कोपऱ्यापासून कोपऱ्यापर्यंत २७.७. म्हणजे दर कोपऱ्याला दोन मिलिमीटरही मिळत नाहीत. सारा जोर त्या दोन मिलिमीटरवर असतो.

मी फिटर होतो तेव्हाची गोष्ट. कारखान्याचे नाव मी सांगणार नाही. एका पाळीला २४ चा पाना जागेवर नव्हता. मागणी कितीतरी दिवस पडून होती. माझ्या जोडीदाराने उंचावरून हाक मारली, "दादा, दे काय असेल ते!" मी २५ चा दिला आणि फट भरायला करवतीच्या पात्याचा तुकडा दिला. आम्ही सगळेच तसे करीत होतो. नटाचे कोपरे आधीच झिजलेले. त्याने अंगाचा जोर टाकला, पाते निसटले, पाना घसरला आणि त्याचा उजवा हात शेजारच्या लोखंडी कोनावर आदळला. दोन बोटे गेली. चौकशीत लिहिले गेले : कामगाराचा निष्काळजीपणा.

पाना मी दिला होता. ते वाक्य मला रात्री झोपू देईना. मी भाचीच्या कंपासपेटीने कागदावर षट्कोन काढला, नटाच्या चौपट. त्याच्यावर २५ च्या पान्याचे तोंड काढून फिरवून पाहिले. एक मिलिमीटर फट असली तर पाना साडेचार अंश मोकळा फिरतो आणि मग धरतो तो बाजूला नव्हे, नुसत्या दोन टोकांना. टोके झिजलेली असली तर धरावयास काहीच उरत नाही. तो कागद मी चौकशी अधिकाऱ्यांसमोर ठेवला आणि म्हणालो, "साहेब, मी चुकीचा पाना दिला हे खरे. पण बरोबर पाना कपाटात नव्हता, हेही तेवढेच खरे. या कागदात निष्काळजीपणा कोठे बसतो तो मला दाखवा." मोठा विजय झाला असे मी सांगणार नाही. अहवालातला शब्द बदलला. भरपाई उशिरा मिळाली. नटाचे साही कोपरे धरणारे रिंग पाने सहा महिन्यांनी आले. माझ्या जोडीदाराची बोटे काही परत आली नाहीत. तो आजही मला दादाच म्हणतो, आणि मला त्याचे ओझे वाटते.

मंडळी, त्या दिवसापासून मी युनियनच्या कामाला खरा लागलो, आणि पुस्तकांनाही. मोहोळ, डोंगर आणि नट यांची आकृती एकच आहे. कारणे मात्र तीन आहेत. माशीकडे काटकसर, दगडात ताण, नटात मनगटाची सोय. वरून सारखे दिसते म्हणून आतूनही सारखेच असेल असे समजणे ही मोठी चूक होय. अपघाताचेही तसेच आहे. हात जायबंदी झालेला वरून दिसतो, आणि 'निष्काळजीपणा' हा शब्द आयता तयार असतो. आत पाहिले तर कधी मागणीचा न सुटलेला कागद निघतो, कधी सलग दुसरी पाळी निघते, आणि कधी खरोखरच निष्काळजीपणा निघतो. तोही लपवू नये.

म्हणून माझे मागणे लहानसे आहे. आपल्या घरात कोणी आय. टी. आय. ला जात असेल, कारखान्यात लागले असेल, तर त्याला नट कसा फिरवावा हे शिकविणारे पुष्कळ भेटतील. नटाला सहा बाजू का, हे तुम्ही त्याला विचारा. ज्याला हा 'का' कळला तो चुकीचा पाना हातात घेणार नाही, आणि दुसऱ्याला देणार तर नाहीच.

नट येथे टेबलावर ठेवतो. मुलांनी जवळ येऊन पाहावा.