कोनवाशाचे गणित

गोमंतकातले जुने घर दुरून ओळखू येते ते छपरावरून. चिऱ्याच्या भिंती माडापोफळींत दडलेल्या असतात; त्यांच्यावर चारी बाजूंनी उतरत आलेले तांबडे छप्पर मात्र लपत नाही. ही चौपाखी रचना केवळ शोभेची नव्हे. दुपाखी घराच्या दोन्ही टोकांच्या भिंती त्रिकोणी करीत आढ्यापर्यंत चढवाव्या लागतात, आणि मृगापासून हस्तापर्यंतचा पाऊस त्या उघड्या अंगावर घेत राहतात. चौपाखी घराच्या चारही भिंती एकाच उंचीला थांबतात व चारहींवर वळचणीची सावली पडते. या सुखाची किंमत सुताराला मोजावी लागते, आणि तीही नेमकी चार कोपऱ्यांत.

भिंतीवरून सरळ आढ्याकडे जाणारा वासा मापणे अवघड नाही. हात अडतो तो कोपऱ्यातून तिरक्या वर जाणाऱ्या वाशापाशी, म्हणजे कोनवाशापाशी. दोन उतारांचा सांधा त्याच्या पाठीवर येतो. तो अदमासाने कापला आणि दोन बोटे आखूड पडला, तर महागाचे लाकूड वाया जाते. तसाच ठोकून बसविला, तर उतार मुरडतो. जुनी नळीची कौले असली मुरड पोटात घालीत. मंगळुरास १८६५ साली बाझेल मिशनने कौलांचा कारखाना काढल्यानंतर पश्चिम किनाऱ्यावर जी चपटी, खाचेत खाच बसणारी कौले पसरली, ती इतकी क्षमाशील नाहीत. खाच सुटली की पाणी आत आलेच.

कागद-पेन्सिल हाताशी असलेल्या श्रोत्याला पुढील उदाहरण पडताळता येईल. घर २० फूट रुंद व ३२ फूट लांब आहे आणि चारही उतार सारखे आहेत असे समजावे. लांबीतून रुंदी वजा केली की आढ्याची लांबी मिळते : १२ फूट. रुंदीचा निम्मा, म्हणजे १० फूट, हा साध्या वाशाचा भुज. आढे भिंतीच्या माथ्यापासून साडेसात फूट उंच ठेवले, तर ती झाली कोटी. दहाचा वर्ग १००, साडेसाताचा ५६.२५, बेरजेचे वर्गमूळ साडेबारा. साधा वासा १२ फूट ६ इंच. तीन-चार-पाच या प्रसिद्ध त्रिकोणाचेच हे मोठे रूप.

आता कोनवासा. तोही तेवढाच साडेसात फूट चढतो. पण त्याची जमिनीवरील सावली १० फूट नसते. कोपऱ्यापासून आढ्याच्या टोकापर्यंतची ही सावली म्हणजे १० फूट बाजूच्या चौरसाचा कर्ण होय. सारी मेख येथे आहे. अधिक अंतरात तितकीच उंची गाठावयाची, म्हणून कोनवासा इतर वाशांहून निजलेला असतो. साध्या वाशाचा कोन सुमारे ३७ अंश, तर याचा जेमतेम २८. सावलीचा वर्ग २००, त्यात ५६.२५ मिळविले की २५६.२५ होतात आणि वर्गमूळ येते १६ फूट व वर इंचाचा दहावा हिस्सा. दर फूट भुजामागे १.६ फूट, हा एकच आकडा ध्यानात ठेवावा. वळचण भिंतीपुढे २ फूट काढावयाची असेल, तर भुज १२ धरावा व त्याला १.६ ने गुणावे : १९ फूट, अडीच इंचांस किंचित कमी.

अमेरिकन सुतार पोलादी गुण्यावर साध्या वाशासाठी १२ इंच आणि कोनवाशासाठी १७ इंच भुज धरतात. १७ भागिले १२ हा अपूर्णांक आपल्याकडे फार जुना. बौधायनाच्या शुल्बसूत्रात वेदीच्या मापांसाठी चौरसाचा कर्ण सांगितला आहे : बाजूत तिचा तिसरा हिस्सा मिळवावा, त्या हिश्शाचा चौथा मिळवावा, आणि या शेवटच्याचा चौतिसावा वजा करावा. वजाबाकीपूर्वीचा आकडा नेमका सतरा बारांश! वरच्या घरात तो वापरला तर कोनवासा पाव इंच लांब येतो; लांब आलेला तासता तरी येतो.

ही झाली रेषेची लांबी. लाकडाला जाडी असते. आढे २ इंच जाड असेल तर साध्या वाशातून त्याचा निम्मा, १ इंच, आडव्या मापाने कमी करावा. उताराच्या अंगाने तो सव्वा इंच भरतो. येथे आडवे व तिरके माप यांची गल्लत फार होते. कोनवासा आढ्याला ४५ अंशांत भिडतो, म्हणून त्यातून आडवे १.४१ इंच जातात. शिवाय २ इंच जाडीच्या कोनवाशाच्या वरच्या कडा दोन्ही उतारांच्या वर डोकावतात. त्या तासाव्या, अथवा सबंध कोनवासा अर्ध्या इंचाहून किंचित अधिक खाली बसवावा.

कोनवाशाला येऊन मिळणारे आखूड वासे मात्र विनासायास मिळतात. २ फुटांच्या अंतराने लावले तर प्रत्येक मागच्याहून अडीच फूट कमी : १०, साडेसात, पाच, अडीच. कोनवाशाच्या निम्म्या तिरक्या जाडीचे आडवे १.४१ इंच प्रत्येकातून वजा करावयाचे. प्रत्येक मापाचे आठ वासे लागतात. पैकी चार डाव्या काटाचे व चार उजव्या. आठही एकाच काटाने कापून ठेवणारा नवखा सुतार हटकून भेटतो.

हे सारे गणित कोपरे काटकोनात असतील तरच खरे, आणि जुन्या चिरेबंदी घरांत ते क्वचित असतात. म्हणून करवत हाती घेण्यापूर्वी समोरासमोरच्या कोपऱ्यांत दोरी ताणून दोन्ही कर्ण मापावेत. वरच्या घरात ते ३७ फूट ९ इंचांस थोडे कमी, आणि एकमेकांशी सारखे यावयास हवेत. फरक पडला तर आधी भिंतीच्या माथ्यावरची आडवी लाकडे सरकवून घ्यावीत, आणि मगच पहिल्या कोनवाशावर रेघ ओढावी.