दोन शेजाऱ्यांचा सलोखा



आज दोन शेजारी देशांची हकिगत सांगतो. एक फ्रान्स, दुसरा जर्मनी. दोघांच्या हद्दी एकमेकींना लागून. सत्तर वर्षांत हे दोघे तीनदा लढले. 1870 साली, 1914 साली आणि 1939 साली. शेवटच्या दोन लढाया तर जगभर पसरल्या. आपल्या मराठा पलटणींतले जवानही परमुलखात कामी आले.

पहिले महायुद्ध 1918 साली थांबले. पुढच्या साली व्हर्साय इथे तह झाला. हरलेल्या जर्मनीवर जबर दंड बसवला. तिच्या सार खोऱ्यातल्या कोळशाच्या खाणी फ्रान्सला दिल्या. दंडाची भरणी थकली, तेव्हा 1923 साली फ्रान्सने रूर खोऱ्यात फौज घातली. जर्मन लोकांच्या मनात सल राहिला. हिटलरने त्याचा फायदा उठवला. तह होऊन वीस वर्षं झाली, तोच पुन्हा युद्ध पेटलं.

ते 1945 साली संपलं. आता पुन्हा दंडच करायचा का?

रॉबेर शूमान तेव्हा फ्रान्सचे परराष्ट्रमंत्री होते. त्यांचं घराणं सरहद्दीवरच्या लोरेन मुलखातलं. तो मुलूख कधी जर्मनीकडे, कधी फ्रान्सकडे गेलेला. 9 मे 1950 रोजी त्यांनी एक तोडगा मांडला. त्याची आखणी जाँ मोने यांनी केली होती.

तोडगा असा. पोलादाचा नांगर होतो, तशी तोफही होते. पोलादाला कोळसा लागतो. तेव्हा दोन्ही देशांचा कोळसा आणि पोलाद एका सामाईक मंडळाच्या हाती द्यावं. इतर देशांनाही त्यात येऊ द्यावं. सामाईक विहिरीवर पाळ्या ठरल्या, की एकट्याला चोरून मोट चालवता येत नाही. तसंच हे. एकट्याने गुपचूप तोफा ओतायची सोयच उरू नये.

जर्मनीचे तेव्हा दोन तुकडे झाले होते. पश्चिम जर्मनीचे प्रमुख आडेनाउअर यांनी होकार दिला. 18 एप्रिल 1951 रोजी पॅरिसमध्ये करार झाला. फ्रान्स, पश्चिम जर्मनी, इटली, बेल्जियम, हॉलंड आणि लक्झेंबर्ग या सहा देशांनी सह्या केल्या. ब्रिटन बाहेर राहिला.

कराराची मुदत 2002 साली भरली. पण त्यातूनच पुढे युरोपीय संघ उभा राहिला. युरोपातून लढाई कायमची गेली, असं नाही. 2022 साली रशियाने युक्रेनवर मोठी चढाई केली. पण फ्रान्स आणि जर्मनी 1945 नंतर एकमेकांशी लढले नाहीत.

दंडाने वैरी तेवढा दबतो, मनातलं वैर तसंच राहतं. या दोघांनी रोजचं काम आणि नफा-तोटा एकत्र केला. म्हणून त्यांचा सलोखा टिकला.