मातीच्या गाडीची नवी चाके

शूद्रकाचे संस्कृत नाटक ‘मृच्छकटिक’ आपल्याला देवलांच्या संगीत नाटकामुळे परिचयाचे आहे. हेच दहा अंकी नाटक १९५८ साली दिल्लीत हबीब तन्वीर यांनी ‘मिट्टी की गाडी’ या नावाने रंगमंचावर आणले.

तन्वीर मूळचे रायपूरचे. लंडनला नाट्यशिक्षण घेतले, बर्लिनला जाऊन जर्मन नाटककार ब्रेख्टची नाटके पाहिली आणि परतल्यावर ते वळले आपल्याच मुलखातल्या ‘नाचा’कडे. छत्तीसगडच्या या लोकनाट्यातले सहा कलावंत त्यांनी शूद्रकाच्या नाटकात उभे केले. अभिजात नाटकात गावाकडचे नट? अनेकांच्या भुवया उंचावल्या.

पण तन्वीरांचा विचार पक्का होता. संस्कृत नाटकात पात्राने रंगमंचावर एक फेरी मारली, की घर मागे पडते आणि रस्ता सुरू होतो. लोकनाट्यातही तेच घडते. मग पडदे, भिंती, दरवाजे हवेत कशाला? शिवाय मृच्छकटिकातली पात्रे तरी कुठे एका भाषेत बोलतात? संस्कृतबरोबर त्यात कितीतरी प्राकृत बोली नांदतात. तन्वीरांनी पुढे हे नाटक छत्तीसगढी बोलीतही केले.

जुन्या नाटकाला आधुनिक करायचे म्हणजे त्याला नवे कपडे चढवायचे, असे नाही. कधी कधी अंगावरचे ओझे उतरवले, तरी ते ताजेतवाने होऊन चालू लागते.