शहराचा रस्ता आणि आपले नाव

(कोल्हार येथील सभेत दिलेले भाषण)



या प्रवरेच्या काठी परका मनुष्य एस.टी.तून उतरला की पारावरून पहिला सवाल येतो, "पाव्हणं, कुणाकडचं?" दुसरा आडनावाचा, आणि तिसरा न विचारताच कळतो. मुंबईच्या रस्त्यावर असे कोणी पुसत नाही. सन १८७४ साली तेथे घोड्यांची ट्राम सुरू झाली. एका बाकावर कोण कोणास खेटून बसला याचा हिशेब कोण ठेवणार? गावात वाट सोडून उभा राहणारा तेथे गर्दीतून खांदा मारीत चालू लागला. हे सुख लहान नव्हे. ज्याने गावचा जाच सोसला त्यालाच त्याची किंमत.

पण भ्रमात राहू नका. रस्ता जात विचारीत नाही, दार मात्र विचारते. गिरणीत धोट्यातले सूत तोंडाने ओढून घ्यावे लागे. म्हणून विटाळाच्या नावाखाली अस्पृश्य कामगारास विणकाम खात्यात घेत नसत, आणि मजुरी तर त्याच खात्यात जास्त! १९२८ च्या संपात डॉ. आंबेडकरांनी हे उघड मांडले. ट्राममध्ये शेजारी चालतो, मागावर चालत नाही, हा कोणता धर्म? ट्राम १९६४ साली बंद झाली, पुढे गिरण्याही गेल्या. पण भाड्याची खोली पाहावयास गेलेल्या पोरास आजही आडनाव आधी विचारणारे घरमालक भेटतात.

दुसरे असे की, ज्यास कोणी ओळखत नाही त्याची मजुरी बुडविणे सोपे. मुकादम दस्तुरी घेऊन काम देई, आणि उद्या येऊ नको म्हणाला की संपले. यावर उपाय आपल्याच माणसाने काढला. 'दीनबंधु' चालविणारे, जोतीरावांचे सहकारी नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ साली कामगारांच्या सभा भरविल्या व साडेपाच हजार जणांचा अर्ज सरकारी कमिशनसाठी तयार केला. गर्दीत ज्यांना कोणी नावाने हाक मारीत नव्हते, ते कागदावर एकत्र आले. तरी सहा वर्षे झगडावे लागले. १० जून १८९० पासून रविवारची सुट्टी मिळाली.

आता आपली जी मुले पुण्या-मुंबईस निघाली आहेत, त्यांनी घरचा पत्ता कागदावर लिहून खिशात ठेवावा. फोन चोरीस जातो. हजेरी स्वतःच्या वहीत मांडावी, आणि ज्याच्या हाताखाली काम त्याचे पुरे नाव विचारून घ्यावे. आयाबायांनो, "कोणाच्या भानगडीत पडू नकोस" असे तुम्ही पोरास बजावता, ते ठीक. पण शेजारच्या खोलीतला मनुष्य दोन दिवस दिसला नाही तर दार ठोठाव, हेही सांगा. येथे टेबलावर वही ठेविली आहे. जाणाऱ्यांनी तीत आपला तिकडचा पत्ता लिहून मगच उठावे.