मेंदूचा नकाशा आणि विचाराचे कोडे
(गणेशोत्सवातील व्याख्यान)



बुद्धिदात्याच्या उत्सवात मेंदूविषयी चार शब्द बोलावेत, असे मंडळाने सुचवले. विषय दूरचा नाही. आपल्या चेन्नईतच, आयआयटी मद्रासमध्ये, २०२२ साली सुधा गोपालकृष्णन मेंदू केंद्र सुरू झाले.

आपल्यापैकी अनेकजण कारखान्यांत काम करतात. सोबत कागद नसलेले यंत्र हाती आले, की आपण ते उघडतो, एकेक भाग तपासतो आणि ते कसे चालते हे शोधतो. मेंदूही असाच उलगडला, तर विचार कसा होतो ते कळेल आणि विचार करणारे यंत्रही बनवता येईल, अशी ही कल्पना.

या केंद्राने डिसेंबर २०२४ मध्ये ‘धरणी’ हा चित्रसंच जाहीर केला. दुसऱ्या तिमाहीतील पाच गर्भांच्या मेंदूंचे केसाहून पातळ असे ५१३२ काप! पेशी दिसतील इतकी बारीक चित्रे जगभरच्या संशोधकांना खुली आहेत.

पण नकाशा म्हणजे विचार नव्हे. सी. एलेगन्स या इवल्याशा कृमीत ३०२ मज्जापेशी असतात. त्यांच्या जोडण्यांचा नकाशा १९८६ सालीच प्रसिद्ध झाला. तरी त्यावरून तो कृमी पुढच्या क्षणी कुठे वळेल, हे आजही नेमके सांगता येत नाही. माणसाकडे तर अशा सुमारे ८६०० कोटी पेशी! रंगनाथन स्ट्रीटच्या नकाशात रस्ता दिसतो, दिवाळीची गर्दी दिसत नाही, तसेच हे.

मग आजची कृत्रिम बुद्धिमत्ता कुठून आली? तिने मेंदूकडून थोडेच उसने घेतले. १९४३ साली मॅकलॉक आणि पिट्स यांनी मज्जापेशीचे सोपे गणिती रूप मांडले. पुढे उदाहरणांवरून शिकणारी जाळी तयार झाली. त्या कामाबद्दल हॉपफील्ड आणि हिंटन यांना २०२४ चे भौतिकशास्त्राचे नोबेल मिळाले. म्हणजे मेंदूचे कोडे सुटण्याआधीच यंत्रे बोलू लागली.

तर मग नकाशे कशाला? आपल्या माणसांसाठी. मुलाचे नाव विसरलेली आई, वय वाढूनही न बोलणारे मूल, यांच्यासाठी. निरोगी मेंदू कसा घडतो हे कळले, तरच बिघाड कुठे झाला ते शोधता येईल.

त्यासाठी मेंदू लागतात, आणि ते दुःखाच्या घडीला कुटुंबाने होकार दिला तरच मिळतात. शेजारच्या बंगळुरूत निम्हान्सची मेंदूपेढी आहे. नेत्रदानाविषयी आपण घरी बोलतो. मेंदूदानाचाही विषय काढावा, एवढीच विनंती.