आदेशाला आव्हान आणि न्यायालयाचा अवमान



मिठबावच्या एखाद्या खातेदारास तहसीलदारांचा आदेश अन्यायाचा वाटला, तर त्याविरुद्ध दाद मागणे हा कोणाचाही अवमान नव्हे. तो त्याचा हक्क आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ अन्वये उपविभागीय अधिकाऱ्यांकडे ६० दिवसांत अपील करता येते. मात्र अपील दाखल होताच मूळ आदेश आपोआप थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते. हे मार्ग संपल्यावर संविधानाच्या अनुच्छेद २२६ अन्वये उच्च न्यायालयात जाता येते. १८ ऑगस्ट २०२५ पासून सिंधुदुर्गासाठी त्याचे सर्किट बेंच कोल्हापुरास आहे.

न्यायालयाचा आदेश पटला नाही, तरीही वरच्या न्यायालयातच जावे. स्थगिती मिळेपर्यंत तो पाळलाच पाहिजे. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ मध्ये हेतुपुरस्सर अवज्ञेस सहा महिन्यांपर्यंत साधी कैद सांगितली आहे. अधिकारपद हे येथे कवच ठरत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९७ साली महाराष्ट्रातील विनापरवाना आरागिरण्या व प्लायवूड कारखाने बंद करण्याचा, तसेच नवे परवाने न देण्याचा आदेश दिला होता. तो डावलून परवानग्या दिल्याबद्दल १० मे २००६ रोजी राज्याचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वन विभागाचे माजी प्रधान सचिव अशोक खोत यांना एक महिन्याची कैद झाली.

म्हणून आदेशाची अंमलबजावणी अडचणीची असल्यास, मुदत संपण्यापूर्वीच न्यायालयाकडे मुदतवाढ मागावी. फाईल दाबून ठेवणे हा उपाय नव्हे.